लिहायचं नाही, बोलायचं: आमची वाटचाल

जून 2020 मध्ये टिकटॉकवर बंदी आली आणि इंदुरात जो तो म्हणायला लागला, आपलं व्हिडिओ ॲप काढू. इथल्या एसजीएसआयटीएस या इंजिनिअरिंग कॉलेजातून नुकतेच बाहेर पडलेले मी आणि माझी आतेबहीण त्यात होतोच. पण पुढच्याच महिन्यात इन्स्टाग्रामने भारतात रील्स आणलं. तिथे दोघा पोरांचं काय काम?

मग घरातच बघितलं. आमच्या पिढीचे इंदुरी मराठी लोक घरी मराठी बोलतात, पण शाळा हिंदी नाहीतर इंग्रजी. देवनागरी येते, तरी ऱ्हस्व-दीर्घाच्या धास्तीने ग्रुपवर नुसता अंगठा टाकून मोकळे. ‘भिया, बोलता येते, लिहिता नाही येत,’ हे रामबागेत, आमच्या मराठी वस्तीत, किती जणांकडून ऐकलं!

म्हणून व्हिडिओ सोडून आवाजाचं ॲप काढलं आणि त्यावर लिहायची सोयच ठेवली नाही. मिनिटभर बोला, बस. आवाज दाबून लहान करणाऱ्या ओपस कोडेकमध्ये 16 केबीपीएसला (सेकंदाला 16 किलोबिट) मिनिटाचं बोलणं साधारण 120 केबीत मावतं. व्हिडिओला सहज सात-आठ एमबी लागले असते. म्हणूनच सर्व्हरचं बिल आमच्या फ्रीलान्स कमाईतून निघत राहिलं.

आम्ही कॉलेजच्या पोरांची वाट बघत होतो, आल्या आज्या-मावश्या. कटाची आमटी, ओव्या, सराफ्यातल्या, म्हणजे इंदूरच्या खाऊबाजारातल्या, भुट्ट्याच्या किसाला नावं ठेवणं. पुण्या-बंगलोरच्या नातवंडांना उत्तर द्यायला ॲप घ्यावंच लागायचं. वाढलो ते असे. जाहिरातीला पैसे होते कुठे?

गुंतवणूकदार म्हणत, हिंदीत करा, दसपट लोक येतील. येतीलही, पण हिंदीत आमच्यावाचून कोणाचं अडलं होतं? भाडं निघालं ते गणेशोत्सवावर. आरतीच्या वेळा, कार्यक्रम, वर्गणीची आठवण, हे सगळं सभासदांना आवाजात पोचवायचं आणि मंडळाने वर्षाची फी द्यायची.

2021 च्या आयटी नियमांप्रमाणे तक्रार अधिकारी हवा, 24 तासांत पोच, निकाल आधी 15 दिवसांत, 2026 पासून 7 दिवसांत. आमची अधिकारी आतेबहीण. हिंदी मिसळलेली मराठी मशीनला नीट कळत नाही, म्हणून प्रत्येक तक्रार ती स्वतः ऐकते. निम्म्या तर आमटीत गूळ किती यावरच्या असतात.

जुलै 2024 मध्ये ‘कू’ हे ट्विटरसारखं देशी ॲप बंद झालं तेव्हा एका मंडळाच्या काकांनी विचारलं, ‘तुमचं कधी?’ फी येतेय तोवर नाही, म्हटलं. त्यांनी पुढच्या वर्षाची तिथेच भरली, पावती मागून घेतली.

सध्या बडोद्याची मंडळं विचारताहेत. गुजराती मिसळलेली मराठी ऐकून तक्रारी निकाली काढेल असं माणूस मिळालं की तिकडे सुरू करू.