समुद्र ओला वाटत नाही म्हणे

गुरुवार, रात्री उशिरा

ताईने मी लिहीत असलेल्या गोष्टीची सगळी प्रकरणं वाचून काढली आणि एवढंच म्हणाली, "छान आहे गं. पण तुझा समुद्र ओला नाही वाटत." आणि उशीला अभ्रा घालायला लागली.

मी "बरं" म्हटलं. तेव्हापासून तेच वाक्य डोक्यात भुणभुणतंय. ओला नाही म्हणजे काय? समुद्र आहे तो!

आणि साधासुधाही नाही. त्या जगात मी चंद्रच ठेवलेला नाही. मग भरतीला दुसरं काहीतरी कारण हवं, म्हणून नियम केला: किनाऱ्यावर कुणी खोटं बोललं की पाणी मागे सरतं. बारीकशी थाप असेल तर पावलाभर, खोटी शपथ असेल तर होड्या चिखलात रुतून बसतील इतकं. ओसरलेलं पाणी नाहीसं होत नाही, ते पलीकडच्या किनाऱ्यावर चढतं. खोटं इकडच्यांनी बोलायचं आणि मासे तिकडच्यांच्या अंगणात. म्हणूनच तर तिकडचे लोक इकडची भांडणं मिटू देत नाहीत. हे सुचलं त्या रात्री आनंदाने डोळ्याला डोळा लागला नव्हता.

बरं, नुसता चंद्र काढून भागत नाही. सूर्यही पाणी ओढतोच, चंद्राच्या निम्म्याहून थोडं कमी. म्हणजे चंद्राशिवायही बेताची भरती उरते, आणि तीही रोज ठरल्या वेळी. पृथ्वीवर भरतीची वेळ रोज साधारण 50 मिनिटं पुढे सरकते ती चंद्रामुळे. उधाणाची (मोठी) भरती आणि भांगाची (लहान) भरती हा फरकही चंद्र नसेल तर राहत नाही. हे सगळं मी इमानेइतबारे पाळलंय. माझ्या कोळ्यांचं घड्याळच ती सूर्याची भरती आहे. ठरल्या वेळी पाणी आलं नाही की त्यांना कळतं, गावात कुणीतरी थापा मारतंय. एवढं सगळं करून शेवटी काय, तर ओला नाही!

कुणी सांगितलं होतं मला हे उद्योग करायला? ऑफिसातून यायचं, डोळे चुरचुरत असताना नकाशे काढायचे. (ऑफिसचं जे चाललंय ते आज नकोच.) इतरांच्या गोष्टींत घोडे उडतात, तलवारी बोलतात, ते सगळं लोकांना चालतं. माझ्या समुद्राला मात्र पाण्यात बुडवून बघायचं.

पुराणात विचारलं का कुणी? विष्णुपुराणात सात समुद्र आहेत: खारा, उसाच्या रसाचा, मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि शेवटी गोड्या पाण्याचा. प्रत्येक आधीच्याच्या दुप्पट. खारा 1 लाख योजनं धरला तर दुधाचा 32 लाखांवर जातो. एवढं दूध नासत कसं नाही, तुपाच्या समुद्रात वल्हं कसं मारायचं, सगळं गुलदस्त्यात. हे घोकत मी बराच वेळ धुसफुसत होते. मग नको ते लक्षात आलं. दह्याचा समुद्र म्हटल्याबरोबर हाताला दही लागतं. स्पष्टीकरण एका ओळीचंही नाही, तरी लागतं.

झोप उडालीच होती, म्हणून खऱ्या क्षीरसागराबद्दल वाचत बसले. जावा बेटाच्या दक्षिणेला 2019 मध्ये समुद्राचा 1 लाख चौरस किलोमीटरहून मोठा पट्टा रात्रीचा पांढरा उजळला होता. हा उजेड बहुधा जिवाणूंचा असतो. उपग्रहाने तो टिपला. योगायोग असा, की त्याच पाण्यातून तेव्हा एक शिडाची बोट गेली होती. नाव गणेशा! बोटीवरच्यांनी बादलीभर पाणी वर ओढून घेतलं. त्यात उजेडाचे ठिपके होते, आणि पाणी ढवळलं की ते विझायचे. एरवी चमकणाऱ्या लाटांचं नेमकं उलट असतं, पाणी हललं की त्या उजळतात.

त्या बादलीपाशी मी अडकले. उपग्रहाचं चित्र पाहून काहीच झालं नव्हतं, आणि बादलीचं वाचलं तर मनगटापर्यंत गार वाटलं. माझ्या गोष्टीत समुद्राला हात कुणी लावतच नाही. सगळे काठावर उभे राहून तो किती सरकला ते मोजतात. ताईला हेच म्हणायचं होतं का, देव जाणे. कदाचित नुसती झोप आली असेल तिला. आणि खरं म्हणजे मला "कसं गं सुचतं तुला" एवढंच ऐकायचं होतं. ते म्हटलं असतं तर बिघडलं असतं का काही?

असो. आत्ताच गोष्टीतल्या म्हातारीच्या हातात एक बादली दिली. ती पाणी ओढते, त्यात हात बुडवते, बोटांच्या भेगांना मीठ झोंबतं, ती एक कचकचीत शिवी घालते. झकास जमलंय. पण तेवढ्यात नातू विचारतो, "झोंबलं का गं?" आणि ती म्हणते, "छे, मला काय होतंय!"

झाली का पंचाईत! आता बादलीतलं पाणी उतरणार की नाही? उतरलं तर जाणार कुठे, बादलीला पलीकडचा किनारा नाही. आणि उतरतं असं एकदा ठरलं, की गावातला सावकार पहिली बादली आपल्या ओसरीवर ठेवेल, दुसरी पंचांसमोर येईल. मग खोटी शपथ घ्यायला धजणार कोण, आणि पलीकडच्यांनी खायचं काय? मधली दोन प्रकरणं तर पाडावीच लागणार. भांडणाचं प्रकरण मी पाडणार नाही, ते चांगलं झालंय, ताई काहीही म्हणो.