सांग्रो ते सेनिओ: आठव्या इंडियन डिव्हिजनच्या मागावर

दुसऱ्या महायुद्धात इटलीत लढलेल्या आठव्या इंडियन डिव्हिजनचा, म्हणजे ब्रिटिशांच्या हिंदी सैन्यातल्या एका मोठ्या तुकडीचा, माग काढायचा असेल तर डोंगरमाथ्यावरची देखणी गावं मागं ठेवा आणि नद्या धरा. ही डिव्हिजन 1940 मध्ये मेरठला उभी राहिली, इराक-इराणमध्ये राहिली आणि सप्टेंबर 1943 मध्ये तारांतोला उतरली. पुढं एप्रिल 1945 पर्यंत तिची बहुतेक मोठी झुंज कुठल्या ना कुठल्या पाण्याच्या काठीच झाली: त्रिन्यो, सांग्रो, मोरो, गारी, आर्नो, सेनिओ. प्रवासही याच क्रमानं, दक्षिणेकडून उत्तरेला करावा. उलटं फिरलात तर प्रत्येक ठिकाणी जर्मनांच्या बाजूनं उभे राहाल आणि नदी ओलांडणं एवढं अवघड का होतं तेच कळणार नाही.

मराठी माणसाला या डिव्हिजनचं अगत्य वाटण्याचं कारण उघड आहे. तिच्या एकविसाव्या ब्रिगेडमध्ये पहिली मराठा पलटण होती, म्हणजे त्या वेळच्या लिहिण्यात 1/5 मराठा लाइट इन्फन्ट्री. गाव शोधत येणारे बरेच जण मात्र एका ठिकाणी चुकतात. व्हिक्टोरिया क्रॉस हे ब्रिटिशांचं सर्वोच्च शौर्यपदक मिळालेले नाईक यशवंत घाडगे तिसऱ्या पलटणीचे, आणि ती पलटण दहाव्या डिव्हिजनमध्ये होती. शिपाई नामदेव जाधव पहिल्या पलटणीचे, म्हणजे आठव्या डिव्हिजनचे. मोंते कासिनोच्या मठाखाली फेब्रुवारी-मार्च 1944 मध्ये लढली ती चौथी डिव्हिजन, ती या दोन्हींहून वेगळी. हे डोक्यात पक्कं असेल तर निम्मी धावपळ वाचते.

निघण्यापूर्वीचं काम घरीच करा. राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगाच्या नोंदींमध्ये नाव शोधताना आडनावाच्या स्पेलिंगवर विसंबू नका. घाडगे, जाधव, शिंदे अशी आडनावं कारकुनानं ऐकली तशी उतरवली आहेत, कित्येकांची आडनावं नाहीतच. सैनिक क्रमांक माहीत असेल तर तो सगळ्यात भरवशाचा. नसेल तर रेजिमेंटचं नाव घाला आणि गावावरून गाळणी लावा. जिल्हे तेव्हाचे आहेत: आजचा रायगड ‘कुलाबा’ म्हणून, आजचा सिंधुदुर्ग ‘रत्नागिरी’त.

सगळ्यात महत्त्वाची गोष्ट अशी की हिंदू जवानाचं नाव थडग्याच्या दगडावर असेलच असं धरून जाऊ नका. अनेकांचं दहन झालं, त्यांची नावं दहनस्मारकांच्या फलकांवर आहेत. अशी तीन स्मारकं इटलीत आहेत: सांग्रो, रिमिनी आणि फोर्ली. ज्यांचा देहच सापडला नाही, त्यांची नावं ते इटलीत कुठंही पडले असले तरी कासिनो स्मारकावर आहेत. घाडगे पडले ते वरच्या टायबर खोऱ्यात, पण नाव कोरलंय कितीतरी दक्षिणेला, कासिनोला. नोंदीत स्मारकाचं नाव आणि फलक क्रमांक दोन्ही दिलेले असतात, ते कागदावर उतरवून घ्या. दऱ्याखोऱ्यांत मोबाइलला रेंज नसते.

आम्ही सुरुवात सांग्रोपासून केली. रोमहून बसनं पेस्कारा, तिथून किनाऱ्याच्या लोकल गाडीनं फोसाचेझिया-तोरिनो दि सांग्रो स्टेशन. पुढं चालत जाण्याचा हट्ट धरू नका, टॅक्सी आदल्या दिवशी ठरवा, कारण स्टेशनवर ती उभी नसते. सांग्रो रिव्हर वॉर सिमेटरी नदीच्या दक्षिणेला आहे. तिथं अडीच हजारांहून अधिक समाध्या आहेत, आणि आवारातच दहनस्मारकावर पाचशेहून जास्त भारतीय नावं. फलकांवर कुंकू लावण्याचा मोह आवरा. दगड ते शोषून घेतो आणि डाग जात नाही. उदबत्तीचंही तसंच, उन्हाळ्यात गवत वाळलेलं असतं. फुलं वाहा, तेवढं पुरे.

नदी उन्हाळ्यात पाहिली तर फसाल. रुंद गोट्यांचं पात्र आणि मधून पाण्याची वेणी, एवढंच दिसतं. शिवाय युद्धानंतर वर बॉम्बा इथं धरण झालंय. नोव्हेंबर 1943 मध्ये अपेनाइन्सच्या पावसानं हीच नदी फुगली आणि सैन्यानं टाकलेले पूल वाहून नेले. पलीकडं गेलेल्या तुकड्यांना रसद पोचेना, म्हणून हल्ला पुढं ढकलावा लागला. नोव्हेंबरच्या शेवटी गेलात तर चिखल कसला असतो ते बुटांवरूनच समजेल. उत्तरेकडच्या कड्यावरचं मोत्साग्रोन्या 27 नोव्हेंबरच्या रात्री सतराव्या ब्रिगेडनं घेतलं, जर्मनांच्या आग ओकणाऱ्या रणगाड्यांपुढं सोडलं आणि पुन्हा घेतलं. गावात पाहण्यासारखं थोडंच उरलंय. चौकातून वळून नदीकडं बघा: पुलापासून इथवरची सगळी चढण उघडी आहे.

मोरो नदीवरची गोष्ट आम्हाला सगळ्यात जास्त भावते. बेली पूल म्हणजे सुटे पोलादी भाग जोडून उभारायचा लष्करी पूल. त्याचा एक पॅनेल दहा फूट लांब आणि सुमारे 260 किलोचा. तो उचलायला सहा माणसं लागतात. पूल जोडून समोर ढकलायचा तर मागं ऐसपैस सपाट जागा हवी, नाहीतर पुढचा भाग तोल जाऊन नदीत कोसळतो. मोरोच्या आपल्या बाजूला रस्त्याचं आकड्यासारखं वळण होतं, तेवढी जागाच नव्हती. मग डिव्हिजनच्या सॅपर्सनी, म्हणजे पूल-रस्ते बांधणाऱ्या जवानांनी, डिसेंबर 1943 मध्ये सामान पलीकडं नेलं आणि शत्रूच्या काठावर पूल जोडून तो उलटा, आपल्या काठाकडं ढकलला. ‘अशक्य पूल’ हेच नाव त्याला पडलं. खोऱ्यात उतरणारे रस्ते अजूनही अरुंद आणि वळणांचे आहेत. गाडी लहान घ्या. भाड्याच्या गाडीसाठी आरटीओकडून आंतरराष्ट्रीय परवाना काढून ठेवा आणि मूळ परवानाही जवळ बाळगा.

कासिनोला रोमहून थेट लोकल गाड्या आहेत. बहुतेक लोक स्टेशनवरून सरळ मठाकडं जातात. आठव्या डिव्हिजनसाठी मात्र उलट, दक्षिणेला वळायचं. वाटेत युद्धसमाधीस्थळ आणि कासिनो स्मारक, मग सांतांजेलो इन तेओदिचे. खाली गारी नदी. बघताना विश्वास बसत नाही, इतकी अरुंद: पंधराएक मीटर. पण पाणी खोल, गार आणि वेगाचं. जानेवारीत अमेरिकनांची 36 वी डिव्हिजन इथंच दोन दिवसांत पार मोडून पडली होती. 11 मे 1944 च्या रात्री अकराला तोफा सुरू झाल्या आणि नदीवरचं धुकं नि तोफगोळ्यांचा धूर एकत्र होऊन हातभर पलीकडचं दिसेना. होड्या प्रवाहानं खाली वाहत गेल्या, तुकड्या विखुरल्या. तरी सकाळपर्यंत ‘ऑक्सफर्ड’ नाव दिलेला पूल उभा राहिला. ‘प्लिमथ’ या दुसऱ्या पुलासाठी एक रणगाडा थेट नदीत घातला आणि त्याच्या पाठीवरून पूल पुढं सरकवला. याच लढाईत 12 मे रोजी 3/8 पंजाब पलटणीच्या शिपाई कमल राम यांनी व्हिक्टोरिया क्रॉस मिळवला. काठावर झुडपं माजलेली असतात. पुलावरून पाहा, काठाला उतरू नका, कडा सरळ तुटलेल्या आहेत.

उत्तरेला जाताना उंब्रियात मोंतोनेला वळसा घ्यावा, जरी तो दहाव्या डिव्हिजनचा मुलूख असला तरी. 10 जुलै 1944 रोजी घाडग्यांच्या तुकडीतले बाकी सगळे पडले किंवा जखमी झाले. ते एकटे मशीनगनवर धावून गेले. मॅगझिन बदलायला वेळ नव्हता, म्हणून बंदूक नळीकडून धरून शेवटच्या दोघांना त्यांनी दस्त्यानं लोळवलं. नंतर शत्रूच्या नेमबाजांनी त्यांना टिपलं. गावानं 2023 मध्ये त्यांच्या नावानं सूर्यघडीचं स्मारक उभारलं. ऊन असताना जा. माणगावात त्यांचा पुतळा पाहिलेल्यांनी तर नक्कीच जा.

फ्लॉरेन्सच्या नैर्ऋत्येला मोंतेगुफोनीचा किल्ला आहे. जुलै 1944 च्या अखेरीस मराठे तिथं पोचले तेव्हा आत उफिझी संग्रहालयातली लपवून ठेवलेली चित्रं सापडली, त्यांत बोत्तिचेल्लीचं ‘वसंत’ही होतं. त्यांच्यावर मराठा जवानांचाच पहारा बसला. ही खाजगी मालमत्ता आहे, मुक्कामाच्या खोल्या मिळतात. आधी विचारल्याशिवाय फाटकाशी जाऊ नका. बस तुरळक, गाडी बरी.

शेवटी सेनिओ. सगळे लुगोला उतरतात, तुम्ही बान्याकावाल्लोला उतरा, कारण हल्ला पूर्वेकडून झाला. तिथून सायकलनं पश्चिमेला निघालं की सपाट शेतांच्या टोकाला गवताची भिंत दिसते. ते नदीचे बांध. दोन मजली घराएवढे उंच, आणि जर्मनांनी दोन्ही बाजूंनी पोखरून त्यांत खंदक केले होते. 9 एप्रिल 1945 ला दुपारी बॉम्बफेक, मग तोफा, आणि संध्याकाळी आग फेकणारी वाहनं बांधापर्यंत आली. तरी बांधाच्या पोटातले मशीनगनवाले जिवंत राहिले, कारण वरून पडणारा गोळा त्या मातीत आत पोचतच नाही. नामदेव जाधवांनी दोन जखमींना खोल पाण्यातून, चढणीवरून आणि सुरुंगांच्या पट्ट्यातून बाहेर काढलं. हाताला गोळी लागल्यावर बंदूक टाकून हातबॉम्बनं मशीनगनच्या ठाण्यांवर चालून गेले, तीन ठाणी गप्प केली आणि बांधावर चढून शिवाजी महाराजांच्या नावाचा जयजयकार करत मागच्या कंपन्यांना बोलावलं. त्याच दिवशी याच नदीवर 6/13 फ्रंटियर फोर्स रायफल्सचे अली हैदर यांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

बांधावरची वाट पावसानंतर चिकण मातीनं निसरडी होते, सायकलचं चाक रुतून बसतं. 2023 च्या पुरानंतर अनेक ठिकाणी दुरुस्ती चालली आहे. फलक लावून वाट बंद असेल तर उडी मारून जाऊ नका, बाजूच्या शेतरस्त्यानं पुढच्या पुलापर्यंत जा. हिवाळ्यात धुकं दिवसभर हटत नाही, तेव्हा एप्रिल उत्तम. आल्फोन्सिनेत सेनिओच्या लढाईचं संग्रहालय आहे, वेळ फोनवर विचारून घ्या. फोर्लीची इंडियन आर्मी सिमेटरी त्याच मुक्कामातून होते. तिथल्या दहनस्मारकावर साडेसातशेहून जास्त नावं आहेत. आधी रेजिमेंट गाठा, मग हुद्दा, आणि हुद्द्याखाली आडनाव. नाईक आणि शिपाई वेगवेगळ्या यादीत असतात, त्यामुळं हुद्दा ठाऊक नसेल तर रेजिमेंटचा सगळा भाग वाचायची तयारी ठेवा.