बोज्याची तारीख

खानापूरच्या तहसील कचेरीसमोर बसून मी अर्ज लिहून देतो. तालुक्यात घरोघरी मराठी, पण जमिनीचा उतारा कन्नडमध्ये निघतो. १९५६ साली हा भाग मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेला. आजोबांच्या वेळचे मराठी कागद अजून कुणाकुणाच्या ट्रंकेत सापडतात. शाळेत शिकलेलं कन्नड कचेरीच्या कागदाला पुरत नाही, आणि माणसं न कळलेल्या मजकुराखाली सही करतात. म्हणून माझा एक नेम आहे: ओळ न् ओळ मोठ्यानं मराठीत वाचून दाखवायची, मगच सही घ्यायची.

त्या सोमवारी एक जोडपं आलं. पोरगा उद्यमबागेत कारखान्यात, राहायला वडगावात. पोरगी नंदगडची, बेळगावात मावशीकडं राहून नोकरी करणारी. चार वर्षांची ओळख. शेताला वारसा लागून मुलाचं नाव चढल्याशिवाय सुपारी फोडणार नाही, असं तिच्या वडिलांनी बजावलेलं.

"काका, ह्याचे वडील गोव्यात खाणीवर होते. हा सात वर्षांचा असताना वारले," तिनंच सांगितलं. मी अर्ज सुरू केला, बापाच्या नावाआधी 'दिवंगत' लिहिलं आणि मृत्यूचा दाखला मागितला.

"हरवलाय," तो म्हणाला.

"मग नक्कल काढा. मरण जिथं येतं तिथंच नोंद होते. गोव्यात कुठं वारले?"

तो बोलेना. बाप कुठं गेला हे मुलगा कधी विसरत नाही. मी तिथंच थांबायला हवं होतं, पण सवयीनं उतारा वाचायला घेतला होता. नवव्या रकान्यात बापाचं नाव. अकराव्यात बोजा, सोसायटीचं पीककर्ज. रक्कम वाचली, आणि तारीखही. गेल्या वर्षीची.

"परत वाचा, काका."

परत वाचलं. ती त्याच्याकडं वळली. "मेलेल्या माणसाला कर्ज कोण देतंय?"

मग तो हळूहळू बोलता झाला. बापानं तिकडं दुसरा संसार मांडला होता. २०१२ला खाणी बंद पडल्या तरी तो परतला नाही. आईला त्या संसाराचं कळलं त्याच दिवशी तिनं कुंकू पुसलं, गाव सोडलं आणि वडगावात मागावर कामाला लागली. शेजारपाजारी सांगितलं, नवरा वारला. पोरालाही तेच. त्या बाईला मी कधी पाहिलं नाही, पण तिचा राग मला खोटा वाटत नाही. गेल्या वर्षी श्रावणात बाप आजारी होऊन लोंढ्याला आत्तीकडं आला. उपचारासाठी जमिनीवर कर्ज काढलं आणि पोराला फोन केला.

"आईंना ठाऊक आहे?"

"नाही."

"म्हणजे रविवारचा ओव्हरटाइम..."

त्यानं मान हलवली.

"मी पहाटे उठून डबा करून देत होते. तो कोण खायचं?"

"आबा खातात," तो म्हणाला. "तुझ्या हातची आमटी त्यांना आवडते."

ती रडली नाही. ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. कितीतरी वेळानं म्हणाली, "तुझे वडील आहेत म्हणून मी सोडून गेले असते, असं वाटलं तुला?" त्याच्याजवळ उत्तर नव्हतं. मला मात्र त्या पोराची दया आली. आईला दुखवायचं नाही आणि बापाला टाकायचं नाही, ह्या दोन्हींच्या मध्ये त्यानं हिला उभं केलं होतं, आणि ते चुकीचंच होतं.

मला जे ठाऊक, ते मी सांगितलं. बाप हयात असताना वारसा लागत नाही. जमीन वडिलार्जित असेल तर मुलाचा हिस्सा जन्मापासूनचा आहे, पण त्यासाठी वाटणीपत्र करून ते नोंदवावं लागतं. बापाची सही लागणार, तेव्हा घरात लपवून हे होणार नाही.

तिनं उतारा माझ्यापुढं सरकवला. "मागच्या बाजूला सगळं मराठीत लिहून द्या. बोजा, तारीख, सगळं. बाबांना मीच वाचून दाखवीन." मी लिहून दिलं.

"आधी आईकडं. आजच," ती त्याला म्हणाली आणि स्टँडकडं चालू लागली. थांबली नाही.

तो उठला, चार पावलं गेला आणि परत आला. माझ्या पुढ्यातल्या अर्ध्या अर्जावर बोट ठेवलं.

"काका, तेवढं खोडा."

मी 'दिवंगत' खोडलं. तो तिच्यामागं धावला.