घरभाड्याला सरकारी मदत मिळते का? नागपूरवाल्यांसाठी थोडं लांबलचक उत्तर

मी एका सीएच्या ऑफिसात काम करते, त्यामुळे आमच्या मानेवाड्याच्या गल्लीत लोकांचा असा समज आहे का सरकारी कागद म्हटला की तो मला माहीत असणारच. रिटर्न असो, राशन कार्ड असो, लाडकी बहीणचं केवायसी असो, पाठवा ताईकडे. आणि इतक्यात एक प्रश्न सारखा येऊन राहिला, "ताई, घरभाड्यासाठी सरकार मदत देते म्हणे, फॉर्म कुठं भेटते?"

तर आधी सरळ सांगून टाकते. नागपुरात असं एकही ऑफिस नाही की जिथं तुम्ही अर्ज टाकला आणि दर महिन्याचं तुमचं भाडं सरकारनं भरलं. म्हाडा नाही, एनआयटी (नागपूर सुधार प्रन्यास) नाही, मनपा नाही. अपवाद फक्त शिकणाऱ्या पोरापोरींचा, त्याच्यावर पुढे येते. पण म्हणून या ऑफिसांचा काहीच उपयोग नाही असंही नाही, प्रत्येकाकडे वेगळी वस्तू आहे, आपण भलत्याच ठिकाणी भलती वस्तू मागतो एवढंच.

हे खूळ आलं मोबाईलवरून. अमेरिकेत सेक्शन ८ नावाची योजना आहे, तिथल्या गावोगावच्या हाउसिंग अथॉरिटी ती चालवतात, भाडेकरूनं आपल्या कमाईतला साधारण ३० टक्के हिस्सा भरायचा आणि वरचं भाडं थेट घरमालकाला जाते. तिथंही फोन केला न झालं असं नाही, वेटिंग लिस्ट वर्षानुवर्षं चालते. त्याचेच व्हिडिओ कोणीतरी हिंदीत आवाज टाकून फिरवते, "अपनी लोकल हाउसिंग अथॉरिटी से संपर्क करें", आणि आपले लोक म्हाडाच्या ऑफिसात जायला सिव्हिल लाइन्सचा ऑटो पकडतात.

आमच्या शेजारच्या वहिनींनी तसाच पकडला, फक्त सोबत मला घेतलं. त्यांच्या मिस्टरांचं हिंगणा एमआयडीसीतलं काम सुटलं होतं, भाडं थकलं होतं, आणि घरमालकांचा आवाज चढायला लागला होता. वहिनींचं म्हणणं साधं होतं, "म्हाडा घरं बनवते ना जी, मंग भाड्याचं काहून नाही पाहणार?" तर आम्ही गेलो आमदार निवासाजवळच्या गृहनिर्माण भवनात, म्हाडाचं नागपूर मंडळ तिथंच बसते. खिडकीवरचा माणूस चांगला होता, हसला नाही, चिडला नाही. म्हणाला की बाई, आम्ही घरं बांधतो आणि सोडत काढून विकतो, भाडं देणं आमच्याकडे नाही. मग त्यानं अत्यल्प, अल्प, मध्यम, उच्च असे उत्पन्न गट सांगितले, सोडतीची जाहिरात निघाली की ऑनलाइन नोंदणी करायची, अनामत रक्कम भरायची, नंबर नाही लागला तर ती परत येते, हेही सांगितलं. वहिनींना त्या दिवशी घर विकत घ्यायचं नव्हतं, या महिन्याचं भाडं द्यायचं होतं. दोन गोष्टींमध्ये केवढं अंतर आहे ते त्या खिडकीपाशी उभं राहिल्यावर कळते.

एनआयटीबद्दल तर लोकांच्या डोक्यात भलताच घोळ आहे. नागपूर सुधार प्रन्यास १९३६ च्या कायद्यानं झालेली संस्था, लेआउट, प्लॉट, आरएल लेटर (प्लॉट नियमित झाल्याचं पत्र) ही तिची कामं, भाडेकरूचा आणि तिचा तसा संबंधच कमी. पण प्रधानमंत्री आवास योजनेतले फ्लॅट पाहिजेत तर मात्र एनआयटी आणि एनएमआरडीए (नागपूर महानगर प्रदेश विकास प्राधिकरण) यांच्याकडे लक्ष ठेवावं लागते, वांजरी, तरोडी खुर्द या भागातल्या स्कीम त्यांच्याच. स्वतःचा प्लॉट आहे आणि घर कच्चं आहे असं असेल तर मग मनपा. आणि अनुसूचित जाती किंवा नवबौद्ध कुटुंब असेल, स्वतःची जागा असेल, तर रमाई आवास, शहरात त्याचं अनुदान अडीच लाख. हे सगळं घर बांधायचं किंवा घ्यायचं झालं, भाड्याचं नाही.

आवास योजनेचा दुसरा टप्पा २०२४ च्या सप्टेंबरात सुरू झाला आणि त्यात भाड्याच्या घरांचाही एक भाग आहे, म्हणजे कामगार, नोकरी करणाऱ्या बाया, विद्यार्थी यांच्यासाठी परवडणाऱ्या भाड्याची घरं बांधायची किंवा सरकारची रिकामी पडलेली घरं दुरुस्त करून भाड्यानं द्यायची. कल्पना चांगली आहे, कोविडच्या वेळी २०२० मध्ये मजुरांचे हाल पाहून याचीच पहिली आवृत्ती आली होती. पण इथंही पैसा बांधणाऱ्याला भेटते, भाडेकरूच्या हातात रोख येत नाही. योजनेत बसायला वर्षाचं उत्पन्न ३ लाखांपर्यंत असेल तर तुम्ही ईडब्ल्यूएस (अत्यल्प गट), ३ ते ६ एलआयजी (अल्प), ६ ते ९ एमआयजी (मध्यम), आणि मुख्य अट म्हणजे कुटुंबात कोणाच्याही नावावर भारतात कुठंही पक्कं घर नको. गावाकडे सासऱ्यांच्या घराच्या उताऱ्यावर मिस्टरांचं नाव चढलेलं असते आणि लोकांना ते आठवतच नाही, ते आधी पाहून घ्या.

आता खरं कामाचं. वहिनींना मी घरी येऊन विचारलं, अॅग्रीमेंट दाखवा. त्यांनी स्टँप पेपरवरचं नोटरी केलेलं अकरा महिन्यांचं कागद काढलं, लॅमिनेशन केलेलं. नागपुरात अर्ध्याहून जास्त लोकांकडे हेच असते असं माझं मत आहे, मोजायला कोणी बसलं नाही पण मी रोज पाहते. अकरा महिन्यांचं असलं की रजिस्टर करावं लागत नाही ही इथली पक्की श्रद्धा. महाराष्ट्रात तसं नाही. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९, तो ३१ मार्च २००० पासून लागू आहे, त्याच्या कलम ५५ प्रमाणे भाड्याचा किंवा लिव्ह अँड लायसन्सचा (ठरलेल्या मुदतीपुरतं घर वापरू देण्याचा) करार लेखी पाहिजे आणि रजिस्टरही पाहिजे, मुदत कितीही असो. आणि रजिस्टर करायची जबाबदारी घरमालकाची, भाडेकरूची नाही. नाही केलं तर घरमालकाला तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. वरून भांडण झालं आणि करार लेखी रजिस्टर नसेल तर अटींबद्दल भाडेकरू म्हणते तेच खरं धरतात, उलटं सिद्ध होईपर्यंत. म्हणजे रजिस्टर न करून घरमालक स्वतःच्याच पायावर धोंडा पाडून घेते.

खर्चाला घाबरतात लोक. समजा भाडं ८ हजार, डिपॉझिट २० हजार, मुदत ११ महिने. एकूण भाडं ८८ हजार, त्यात परत मिळणाऱ्या डिपॉझिटवर वर्षाला १० टक्क्यांनी धरलेले अठराशे-काही रुपये, आणि या बेरजेवर पाव टक्का स्टँप ड्युटी. हिशोब सव्वादोनशेच्या आसपास येते. शहरात नोंदणी फी १०००. नोंदणी विभागाच्या साइटवर आधार आणि अंगठ्यानं घरबसल्या होते, एजंटला घरी बोलावलं तर त्याची मजुरी वेगळी. एवढ्या पैशात वर्षभराची झोप.

मी एवढी अॅग्रीमेंटच्या मागं काहून लागली आहे तर पुढच्या प्रत्येक दारावर हेच विचारतात. गॅस कनेक्शन, पोराची शाळा, बँकेतला पत्ता, पोलीस ठाण्यात द्यायची भाडेकरूची माहिती, आणि खाली सांगते त्या विद्यार्थ्यांच्या योजना. भाडं थकल्यावर तर सगळ्यात आधी.

थकलेल्या भाड्याचं सांगते, पण दोन्ही बाजूनं, कारण फक्त भाडेकरूच्या बाजूचं सांगणारे वकील यूट्यूबवर पुष्कळ आहेत. घरमालक स्वतः कुलूप ठोकू शकत नाही, सामान रस्त्यावर काढू शकत नाही. पाणी, लाईट बंद करायला तर भाडे नियंत्रण कायद्यातच मनाई आहे. पण तुमचं लिव्ह अँड लायसन्स असेल आणि मुदत संपल्यावरही तुम्ही ठाण मांडून बसले तर घर सोडेपर्यंत ठरलेल्या रकमेच्या दुप्पट दरानं भरपाई लागू शकते, कलम २४. "कोण काढते पाहून घेतो" म्हणणाऱ्या भाऊंनी हे वाचावं.

वहिनींचे घरमालक काका जुने माणूस, नागपूरच्या महाल भागातले. त्यांच्या डोक्यात अजून रेंट कंट्रोलरच बसलेला आहे. त्यांचंही खोटं नाही, विदर्भात २००० पर्यंत मुंबई-पुण्याचा कायदा नव्हताच, १९४९ चा सी. पी. अँड बेरार लेटिंग ऑफ हाउसेस अँड रेंट कंट्रोल ऑर्डर चालायचा, भाडेकरू काढायचा तर आधी रेंट कंट्रोलरची परवानगी घ्या आणि मग पुढची लढाई लढा. त्यात काकांच्या वडिलांच्या चपला झिजल्या होत्या. म्हणून ते आज कोणालाही अकरा महिन्यांच्या वर ठेवायला भितात. भाडेकरूला वाटते घरमालक राक्षस, घरमालकाला वाटते हा घर बळकावते, आणि काकांचं म्हणाल तर त्यांची दवाई-पाणी त्या भाड्यावरच चालते.

वहिनींनी मग जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जायचं ठरवलं, जिल्हा न्यायालयाच्या आवारात. हे ऑफिस लोकांना माहीतच नसते. बाईमाणसाला, अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला तिथं फुकट वकील मिळू शकतो, उत्पन्न कितीही असो, १५१०० हा टोल फ्री नंबर आहे. कोर्टात केस टाकायच्या आधीच दोन्ही पार्ट्या बोलावून समेट करायचा रस्ताही आहे. पण तिथपर्यंत गरज पडली नाही. नुसतं "आम्ही विधी सेवेत जाऊन येतो, तुम्हीही चला" म्हटल्यावर काका नरमले, वहिनींच्या स्वयंपाकघरात चहा झाला, आणि थकलेल्यातलं काही डिपॉझिटमधून वळतं करायचं, उरलेलं हप्त्यानं, असं ठरलं. मी ते तिथंच कागदावर लिहून दोघांच्या सह्या घेतल्या. तोंडी ठेवलं असतं तर चार महिन्यांनी परत रामायण.

आता पोरांचं, कारण नागपुरात भाड्यापोटी खरंखुरं रोख मिळते ते इथंच. अनुसूचित जाती आणि नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना, सरकारी होस्टेलला नंबर लागला नाही त्यांच्यासाठी. नागपूर मोठ्या शहरांच्या यादीत आहे, त्यामुळे इथं वर्षाला ६० हजार, त्यात जेवणाचे ३२ हजार, राहण्याचे २० हजार आणि निर्वाहाचे ८ हजार, थेट पोराच्या आधार जोडलेल्या खात्यात. कुटुंबाचं उत्पन्न अडीच लाखांच्या आत पाहिजे, मार्कांची आणि हजेरीची अट आहे, आणि पोरगं ज्या शहरात शिकते तिथलं रहिवासी नको. चौकशी दीक्षाभूमीजवळच्या सामाजिक न्याय भवनात करायची. आदिवासी पोरांसाठी अशीच पंडित दीनदयाळ उपाध्याय स्वयं योजना, ती आदिवासी विकासच्या गिरीपेठच्या ऑफिसकडून. ओबीसी, भटक्या विमुक्तांसाठी ज्ञानज्योती सावित्रीबाई फुले आधार योजना आहे. माझा भाचा ब्रह्मपुरीहून शिकायला आला तेव्हा रूमवरच्या पोरांमध्ये निम्म्यांना या योजनांची नावंसुद्धा माहीत नव्हती, आणि गावाकडे मायबाप धान विकून भाडं पाठवून राहिले होते. फक्त पैसे महिन्याच्या एक तारखेला येतील असं धरून महागाची रूम घेऊ नका, ते वर्षाच्या हिशोबानं येतात आणि उशिराही येतात.

ऑफिसात गेल्यावर तोंडी विचारून परत येऊ नका. साध्या कागदावर अर्ज लिहा, दोन प्रती, एक आवकला द्या, दुसरीवर तारखेचा शिक्का मारून घ्या. बाबू "ठेवून जा" म्हणते, तुम्ही शिक्का मिळेपर्यंत हलू नका. आणि "मदत पाहिजे" असं लिहू नका, त्याचं उत्तर "मदत नाही" असंच येते. कोणत्या योजनेत मी बसतो, यादी कधी लागणार, माझा अर्ज कुठं अडला, असं नेमकं विचारा. उत्तर नाही आलं तर माहिती अधिकारात १० रुपयांचा अर्ज, ३० दिवसांत उत्तर द्यावं लागते. कलेक्टर ऑफिसात महिन्याच्या पहिल्या सोमवारी लोकशाही दिनही असतो.

आणि त्या आवारातच फिरणारे लोक, "ताई, घरकुल करून देतो, वीस हजार टाका, साहेब आपलेच आहेत," त्यांच्यापासून दोन हात लांब. सोडत कॉम्प्युटर काढते, साहेब नाही. आमच्या गल्लीतल्या एका कुटुंबाचे पैसे असेच गेले, पावती नाही काही नाही, आता तो माणूस फोनही उचलत नाही.

अजून एक, उत्पन्नाचा दाखला आधीच काढून ठेवा. तहसीलदाराचा दाखला ३१ मार्चपर्यंतच चालते, आणि जून-जुलैत अॅडमिशनच्या गर्दीत सेतूत उभं राहायची सोय नसते. वहिनींचा दाखला निघाला, आवास योजनेचा फॉर्मही भरून झाला, मिस्टर सध्या बुटीबोरीला जातात. तुम्ही मनपाच्या हद्दीबाहेर, म्हणजे वाडी, कामठी, हिंगण्याकडच्या गावांत राहत असाल तर मात्र मनपाच्या रांगेत लागू नका, आपल्या नगरपरिषदेत किंवा ग्रामपंचायतीत विचारा, तिथल्या याद्या वेगळ्या असतात.