बाबांची अडकलेली एफडी आणि केवायसीची खिडकी : माझा अनुभव

पैसे येऊन दोन महिने झाले तरी त्या तीन नंबरच्या खिडकीचा विषय निघाला की माझं डोकं तापतं, म्हणून एकदाचं लिहून टाकतो. ज्यांच्या सहकारी बँकेवर रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आलेत त्यांना उपयोग झाला तर बरंच.

बँकेचं नाव लिहीत नाही, बाबांची अजून कामं आहेत तिथे. बँकिंग नियमन कायद्याच्या कलम ३५अ खाली निर्बंध आले, सहा महिने एक रुपयाही काढायचा नाही, दारावर नोटीस, बाहेर गर्दी, कोणी रडतंय कोणी शिव्या देतंय, हे सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलंय. बाबांचं सेव्हिंग आणि एक मुदत ठेव मिळून व्याजासकट ४ लाख १२ हजार. म्हणजे पूर्ण रक्कम ठेवींच्या विम्यात बसत होती. हा विमा देणारी डीआयसीजीसी ही रिझर्व्ह बँकेचीच कंपनी, बँक अडचणीत आली की ती एका ठेवीदाराला एका बँकेमागे ५ लाखांपर्यंत देते, मुद्दल आणि व्याज धरून, सगळ्या शाखा मिळून. फेब्रुवारी २०२० च्या आधी हाच आकडा १ लाख होता आणि तो १९९३ पासून जागचा हलला नव्हता! शिवाय आधी बँकेचं लायसन रद्द होईपर्यंत ताटकळावं लागायचं. २०२१ मध्ये कायदा बदलला, आता निर्बंध आल्यापासून ९० दिवसांत पैसे. ४५ दिवसांत बँकेने ठेवीदारांची यादी द्यायची, ३० दिवस तपासणी, १५ दिवसांत वाटप.

ऐकायला झकास. पण गोम त्या पहिल्या ४५ दिवसांत आहे, कारण यादी बनवणार कोण, तर तीच बँक जिला स्वतःचा कारभार धड सांभाळता आला नाही.

आमची ठेव आई-बाबांच्या जोडनावावर, पहिलं नाव आईचं. आई जाऊन तीन वर्षं झाली. ठेव दरवर्षी आपोआप रिन्यू होत होती त्यामुळे नाव कमी करायचं कोणाच्या डोक्यातच आलं नाही. चूक आमचीच, मान्य. विम्याचे पैसे हवेत म्हणून संमतीचा फॉर्म द्यावा लागतो, त्यात दुसऱ्या बँकेतल्या खात्याचा नंबर लिहायचा. तो घेऊन एक नंबरच्या खिडकीवर गेलो. तिथे म्हणाले केवायसी जुनी आहे, आधी तीन नंबरला जा. तीन नंबरचा क्लार्क म्हणाला दोन्ही नावांची केवायसी लागेल, मॅडमना घेऊन या. मी म्हटलं त्या वारल्या. मग आधी नाव कमी करून आणा. परत एक नंबर. तिथे उत्तर, निर्बंध असताना खात्यात काही बदल करता येत नाही. मग केवायसी कशी होणार? नाही होणार. मग फॉर्म? केवायसीशिवाय घेत नाही.

हे असं चार वेळा. चार! प्रत्येक वेळी टोकन, प्रत्येक वेळी दीड-दोन तास, बाबा ७४ वर्षांचे, बाकड्यावर बसून पिशवीतला मृत्यू दाखला पुन्हा पुन्हा काढून बघायचे, जसं काही त्यात काहीतरी बदललं असेल. एकदा मी आवाज चढवला तर बाबाच मला गप्प करत होते, "जाऊ दे रे, त्यांच्या हातात काय आहे."

शेवटी ४१व्या दिवशी लाईनीत मागे उभ्या असलेल्या एका काकांनी सांगितलं (ते स्वतः बँकेतून रिटायर झालेले) की तोंडी बोलण्यात काही अर्थ नाही, लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. तिथल्या तिथे बाबांच्या नावाने अर्ज लिहिला, दाखला जोडला, आवक शिक्का मागितला. क्लार्क शिक्का द्यायलाच तयार नाही. मग आत साहेबांकडे गेलो. त्यांनी अर्ज वाचला आणि म्हणाले, "अहो हा व्यवहार थोडीच आहे, पैसे कुठे हलतायत? नुसती नोंद बदलायचीय." दहा मिनिटांत काम झालं. हे एक वाक्य तीन नंबरला पहिल्याच दिवशी सुचलं असतं तर! त्या क्लार्कचा पगारही त्याच बँकेत अडकला होता असं नंतर कळलं, तेव्हा राग थोडा उतरला. थोडाच.

एवढं करून पहिल्या यादीत नाव गेलंच नाही, पुढच्या यादीत गेलं, त्यामुळे आमच्या शेजाऱ्यांना पैसे मिळाले तेव्हा आम्ही नुसते मोबाईलकडे बघत बसलो होतो.

दुसऱ्या बँकेतल्या खात्यावरचं नाव आणि इथलं नाव अक्षर न अक्षर सारखं आहे ना ते आधी बघा, आमच्यापुढच्या एका ताईंचं लग्नाआधीच्या नावावरून अडलं होतं. ५ लाखांच्या वरची रक्कम मात्र बँकेचं पुढे काय होतं त्यावर लटकते. एकट्याच्या नावावरची आणि जोडनावावरची ठेव विम्यासाठी वेगळी धरतात, हे मोठी रक्कम असणाऱ्यांनी निर्बंध येण्याआधीच लक्षात घ्यावं. आणि त्याच बँकेचं कर्ज असेल तर ते वजा होऊन उरलेले मिळतात.

आमच्या बँकेची म्हणे बरीचशी कर्जं दोन-चार गटांकडेच होती, चेअरमनच्या ओळखीतले. २०१९ ला पीएमसी बँकेत तेच, ७० टक्क्यांहून जास्त कर्ज एकाच बिल्डर समूहाला, तेही लपवून. ठेवीदार ताळेबंद कुठे वाचतो, आम्ही पण अर्धा टक्का जास्त व्याज बघूनच गेलो होतो.

मेसेज आला तेव्हा बाबांनी आकडा दोनदा मोठ्याने वाचला. मग चहा घेता घेता म्हणाले, कोपऱ्यावरची पतसंस्था नऊ टक्के देतेय, टाकूया का? पतसंस्थेला हा विमा लागूच नाही हे त्यांना तीन वेळा सांगितलंय. चेकबुक सध्या माझ्या कपाटात आहे.