आमची वाटचाल : लातूर ते वेळास, लातूर ते मालवण

लातूरहून टूर काढायची तर अष्टविनायक, तिरुपती नाहीतर चारधाम, बाकी काही चालत नाही, असं या लाइनमधली सगळी जुनी मंडळी आम्हाला सांगायची. आम्ही कोकण काढलं, आणि तेही देवदर्शनाचं नाही. रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासची कासवं, मालवणजवळच्या तारकर्लीचं स्कूबा डायव्हिंग, देवबागच्या पुढचे डॉल्फिन, कर्ली नदीच्या खाडीतले पक्षी. समुद्र न बघितलेली कितीतरी घरं आम्ही तिकडे नेली. हे मी अभिमानाने सांगतो आणि सांगत राहणार.

सुरुवातीला गाडी भाड्याची असायची. पुढे स्वतःची सतरा सीटर झाली, मग दुसरी. ती सगळी वर्षं नीट गेली, त्यावर लिहिण्यासारखं फारसं नाही. लिहायचं आहे ते २०१६ सालावर.

त्या आधीच्या दिवाळीनंतर आमचे भागीदार वेगळे झाले. बुकिंग ते बघायचे, रूट आणि गाडी मी. जाताना त्यांनी गिऱ्हाइकांच्या नंबरांची डायरी नेली आणि दोन गाड्यांच्या बुकिंगवर घेतलेला ॲडव्हान्सही नेला. महिन्याभरात त्यांचं पॅम्फ्लेट बाजारात आलं. मजकूर आमचाच, अगदी ‘सोबत स्वेटर आणावा’ इथपर्यंत. फक्त रेट कमी आणि वर मोठ्या अक्षरांत एक ओळ : ‘कासव दर्शनाची हमी’.

ही हमी कोणीच देऊ शकत नाही. ऑलिव्ह रिडले जातीच्या समुद्री कासवाची मादी रात्री किनाऱ्यावर येऊन वाळूत खड्डा करून शंभर-सव्वाशे अंडी घालते आणि निघून जाते. गावातले कासवमित्र ती अंडी उचलून हॅचरीत, म्हणजे किनाऱ्यावरच्या जाळी लावलेल्या राखीव जागेत, तसाच खड्डा करून पुरतात. पिल्लं बाहेर यायला साधारण ४५ ते ५५ दिवस लागतात, आणि ते वाळूच्या उष्णतेवर ठरतं. सकाळ-संध्याकाळ खड्ड्यावरची टोपली उचलतात. पिल्लं असली तर असली, नसली तर नसली. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने २००२ साली वेळासमध्ये हे काम सुरू केलं, गावाने ते आपलं मानलं, घराघरांत पाहुण्यांची सोय उभी केली. तिथे जाऊन ‘पैसे भरलेत, कासव दाखवा’ म्हणायचं? भागीदारांच्या पार्टीने, म्हणजे त्यांच्या टूरवरच्या माणसांनी, नेमकं तेच केलं. पिल्लं निघाली नाहीत म्हणून हॅचरीच्या जाळीपाशी भांडण काढलं. आम्ही वर्षानुवर्षं ज्यांच्याकडे उतरायचो त्या काकूंचा फोन आला, ‘लातूरची माणसं आता नकोत हो.’ त्यांची समजूत घालायला मी एकटा रात्रीच्या एस.टी.ने गेलो.

त्यातच दुष्काळ. मार्चमध्ये लातुरात पाण्याच्या टाक्यांपाशी जमावबंदी लागली, एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आलं. कासवांचा सीझन फेब्रुवारी ते एप्रिल, म्हणजे बरोबर तेवढेच दिवस. जो तो बुकिंग रद्द करून पैसे मागायला दारात. शेजारचे दुकानदार म्हणायचे, ‘हितं प्यायला पाणी मिळंना, आन् तुम्ही समुद्र बघायला कुठं चाललाव?’ गाडीचे दोन हप्ते थकले. एक गाडी विकली.

अशात उदगीरकडचे आमचे गुरुजी आले. भूगोल शिकवून निवृत्त झालेले, पहिल्या टूरपासूनचे. ड्रायव्हरमामांच्या मागची खिडकी त्यांची, हे ठरलेलं. आपल्या जुन्या विद्यार्थ्यांची यादी करून, पूर्ण रक्कम रोख घेऊन ते आले होते. म्हणाले, ‘मोजून घ्या आणि गाडी काढा. कासवं काय आपल्यासाठी थांबणारेत का?’ पहिल्या संध्याकाळी टोपलीखाली काहीच नव्हतं. कोणी तक्रार केली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी टोपली उचलली तर वाळू मधोमध खचलेली आणि तिच्यात करडी पिल्लं एकमेकांवर चढत होती. पाण्यापासून थोडं अंतर ठेवून सोडतात, चालत त्यांनीच जायचं असतं. गुरुजी दोरीच्या अलीकडे उकिडवे बसून शेवटचं पिल्लू लाटेत जाईपर्यंत वहीत लिहीत होते. त्या ट्रिपचा निरोप उदगीर, अहमदपूर, निलंग्यापर्यंत गेला आणि पुढच्या सीझनला आमची गाडी पुन्हा भरली.

आमच्या गाडीत मागे एक पत्र्याची पेटी असते. तिच्यात लाल जिलेटिन कागद रबरबँडने बांधलेल्या बॅटऱ्या. पांढऱ्या उजेडाने मादी बिचकून मागे फिरते, पिल्लं उजेडाकडे भरकटतात, म्हणून रात्री किनाऱ्यावर मोबाइलचा टॉर्चसुद्धा लावू देत नाही. ८×४२ च्या, म्हणजे आठपट मोठं दाखवणाऱ्या, दोन दुर्बिणी. जास्त पॉवरची घेऊ नका, होडीत हात हलतो आणि डॉल्फिनची पाठ सापडेपर्यंत ती पाण्याखाली जाते. वेळासच्या उंच झाडांवर पांढऱ्या पोटाचा समुद्री गरुड बघायलाही हीच पुरते. आणि तिथी असलेली दिनदर्शिका. ही युक्ती देवबागच्या होडीवाल्या दादांची : तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. अष्टमीला सहाच्या सुमारास भरती, म्हणजे बाराच्या आसपास ओहोटी. देवबागला कर्ली नदी समुद्राला मिळते त्या संगमाजवळचं वाळूचं बेट ओहोटीतच उघडं पडतं. उन्हात भर भरतीला पोहोचणाऱ्या टूरवाल्यांनी एवढा गुणाकार केला तर गिऱ्हाइकाचा दिवस वाया जाणार नाही.

नव्याने लाइनमध्ये येणाऱ्या पोरांनाही सांगतो. लातूर-वेळास पाचशे किलोमीटरच्या वर आहे. एकाच ड्रायव्हरवर रात्रभर चालवून पहाटे ताम्हिणी घाट उतरवू नका. पुण्यात गाडी थांबवा, माणसाला झोपू द्या. पावसाळ्यात स्कूबा आणि होड्या बंद असतात, तेव्हा त्यांचं बुकिंग घेऊ नका. आणि निघायच्या आदल्या दिवशी गावात फोन करून हॅचरीतल्या कोणत्या खड्ड्यांचे दिवस भरत आलेत ते विचारा, पार्टीला खरं ते सांगा.

आमच्या पावतीवर आजही छापलेलं असतं : ‘वन्यजीव दिसणे निसर्गावर अवलंबून’. काकूंचं घर आम्हाला पुन्हा उघडं झालं. भागीदारांचा बोर्ड अजून औसा रोडला आहे, हमीची ओळ तेवढी काढलेली दिसते. त्या दोन गाड्यांच्या ॲडव्हान्सचा हिशेब मात्र त्यांनी आजपर्यंत दिलेला नाही. पावत्या माझ्याकडे आहेत, त्यांनी कधीही येऊन बघाव्यात.