निषेधपूर्वक भरणा आणि वीज तोडण्याच्या नोटिशीविरुद्धचा माझा दावा

वीजपुरवठा खंडित करण्याच्या नोटिशीविरुद्ध मी दिवाणी न्यायालयात दावा दाखल केला, त्याला आता बरेच महिने झाले; तरीही त्या काळातली वीज कंपनीच्या कार्यालयातली बिल भरण्याची एक खिडकी आठवली की संताप होतो.

आमच्या जोडणीला दोन वर्षे चुकीच्या वर्गवारीने, म्हणजे चुकीच्या दराने, बिले आली आणि ती आम्ही मुदतीत भरली. वर्गवारी दुरुस्त झाल्यावर तीन वर्षांनी लेखापरीक्षणात ही चूक निघाली, फरकाचे बिल आले आणि पाठोपाठ पंधरा दिवसांची नोटीस आली. वकील करणे, दावा दाखल करणे, तूर्तातूर्त मनाईचा, म्हणजे निकाल लागेपर्यंत वीज तोडू नये यासाठीचा, अर्ज देणे हे सारे आठवड्याभरात उरकले.

अडले ते पैसे भरण्यापाशी. विद्युत अधिनियम, 2003 च्या कलम 56(1) च्या परंतुकानुसार (अपवाद सांगणाऱ्या तरतुदीनुसार) ग्राहकाने निषेध नोंदवून मागणीची पूर्ण रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरी आकाराने निघणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती जमा केली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही. वकिलांनी हे पहिल्याच भेटीत सांगितले होते, कारण न्यायाधीश आधी हाच भरणा झाला आहे का, असे विचारतात. मी हिशेब मांडून खिडकीवर गेलो, तर संगणक पूर्ण रक्कमच घेतो, असे उत्तर मिळाले. दुसऱ्या दिवशी अधिकाऱ्यांनी मला लेखा विभागाकडे पाठवले, लेखा विभागाने वरिष्ठांची लेखी परवानगी मागितली, आणि वरिष्ठ दौऱ्यावर होते. चौथ्या फेरीला तर ‘थोडी रक्कम घेतली की तुम्ही बाकीची भरतच नाही’ असे मला ऐकवण्यात आले. पंधरापैकी नऊ दिवस सरले होते, घरात आजारी माणूस होते, आणि कायद्याने दिलेले संरक्षण घेण्यासाठी पैसे हातात धरून मी रांगेत उभा होतो. ग्राहकाला थकबाकीदार ठरवणाऱ्या कार्यालयाने त्याचाच भरणा नाकारावा, हा मला आजही उघड अन्याय वाटतो.

शेवटी वकिलांच्या सांगण्यावरून मी सरासरीच्या रकमेचा धनाकर्ष (डिमांड ड्राफ्ट) काढला, ‘हक्क अबाधित ठेवून, निषेधपूर्वक’ असे स्पष्ट लिहिलेल्या पत्रासोबत तो आवक विभागात दिला आणि दुय्यम प्रतीवर शिक्का व तारीख घेतली. हेच पहिल्या दिवशी करायला हवे होते: तोंडी नकाराचा पुरावा उरत नाही, शिक्क्याचा उरतो. सहा महिन्यांच्या बिलांच्या प्रती आणि सरासरीचा तक्ताही पत्राला जोडावा. नोटिशीचा लिफाफाही टाकू नये, कारण पंधरा दिवस पूर्ण मिळाले की नाही, हे नोटीस हाती पडल्याच्या तारखेवरून ठरते.

दोन दिवसांनी धनाकर्ष परत आला. आम्ही तो शिक्क्याच्या प्रतीसह न्यायालयात हजर केला. न्यायाधीशांनी तीच रक्कम सात दिवसांत स्वीकारण्याचा आणि तोवर जोडणीला हात न लावण्याचा आदेश दिला.

एक गैरसमज माझाही होता. कलम 56(2) मधील थकबाकी वसुलीच्या दोन वर्षांच्या मुदतीमुळे जुनी मागणी आपोआप संपते, असे मी धरून चाललो होतो. फेब्रुवारी 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राजस्थानातील एका वीज कंपनीच्या प्रकरणात, जिथे आमच्यासारखीच चुकीच्या दराने बिले दिली गेली होती, असे ठरवले की मुदतीनंतरही चुकीपोटीची पुरवणी मागणी करता येते, मात्र तिच्यासाठी पुरवठा तोडता येत नाही. त्यामुळे आमचा दावा आता याच मुद्द्यावर उभा आहे. प्रकरण कलम 126 खालील अनधिकृत वापराच्या निर्धारणाचे (अशा वापराबद्दल ठरवलेल्या आकारणीचे) असेल, तर मात्र दिवाणी न्यायालयाचा मार्ग कलम 145 ने बंद होतो आणि कलम 127 खाली अपील करावे लागते. दावा दाखल करण्याआधी आपले बिल कोणत्या कलमाखाली दिले आहे, ते वाचावेच.

आदेशाची प्रमाणित प्रत घेऊन मी पाचव्यांदा त्याच खिडकीवर गेलो. पावती दहा मिनिटांत मिळाली. ‘निषेधपूर्वक’ हा शब्द मी त्यांच्याकडून पावतीवर हाताने लिहून घेतला, त्याखाली सही मागितली, आणि ती झाल्यावरच खिडकी सोडली.